फूटेज कुठलं, कधीचं?

खंदकातून सैनिक वर चढतात. त्यातला एक काठावरच कोसळतो आणि घसरत खाली येतो. पहिल्या महायुद्धावरच्या कितीतरी माहितीपटांत हे दृश्य खऱ्या हल्ल्याचं म्हणून येतं. ते आहे १९१६च्या 'द बॅटल ऑफ द सोम' या ब्रिटिश चित्रपटातलं. त्या चित्रपटाचा बराचसा भाग आघाडीवरच चित्रित झाला, पण नेमकं हे दृश्य मागच्या बाजूला, सरावाच्या खंदकात वठवलेलं आहे. नीट पाहिलं तर खुणा दिसतात. सैनिकांच्या पाठीवर नेहमीचं ओझं नाही, आणि कॅमेरा अशा उघड्या जागी आहे की खऱ्या गोळीबारात तिथे उभं राहणं अशक्य होतं. अभ्यासकांनी हे केव्हाच दाखवून दिलंय. तरी संकलकाचा हात तिकडेच वळतो, कारण खऱ्या हल्ल्याचं इतकं जवळचं चित्रण मिळत नाही.

टीव्हीवर हा प्रकार सर्रास चालतो. निवेदन आधी लिहून होतं, मग त्यावर पसरायला 'जुनं काहीतरी' शोधलं जातं. फाळणीचा उल्लेख आला की टपावर माणसं लादलेली रेल्वेगाडी ठरलेली. कुठली, कधीची, कोणी टिपलेली? पट्टी येत नाही.

पीटर जॅक्सनच्या 'दे शॅल नॉट ग्रो ओल्ड' (२०१८) या पहिल्या महायुद्धावरच्याच माहितीपटावर रंग भरल्याबद्दल बरीच टीका झाली. इम्पीरियल वॉर म्युझियमचं मूक फूटेज त्याने रंगवलं, हाताने फिरवलेल्या कॅमेऱ्यांचा कमीजास्त वेग सारखा केला, ओठांच्या हालचाली वाचणाऱ्या तज्ज्ञांकडून सैनिकांचे शब्द ओळखून घेतले आणि नटांकडून वदवले. रंग हा अखेर अंदाज आहे, हा आक्षेप खराच. पण वेग सुधारल्याबरोबर तुरुतुरु चालणाऱ्या बाहुल्यांची माणसं झाली, हे श्रेय त्याला द्यायलाच हवं.

सर्गेई लोझ्नित्साचा 'ब्लॉकेड' (२००५) मात्र जुन्या फूटेजमधून चित्रपट घडवण्याच्या कलेची उंची दाखवतो. दुसऱ्या महायुद्धातल्या लेनिनग्राडच्या वेढ्याचं कृष्णधवल चित्रण. निवेदन नाही, मुलाखती नाहीत. बर्फाळ रस्त्यावरून कोणी घसरगाडीवर प्रेत ओढत नेतं आणि बाजूने लोक आपल्या वाटेने जात राहतात. पावलांचे आवाज नंतर स्टुडिओत तयार केलेले आहेत, म्हणजे हातचलाखी इथेही आहे. पण ती प्रेक्षकाला पाहत राहायला लावते. काय वाटून घ्यायचं ते सांगत नाही.

आपल्याकडे अडचण अधिक मुळातली आहे. भारतातल्या अगदी सुरुवातीच्या चित्रपटकारांपैकी एक असलेल्या सावेदादांनी १८९९मध्ये मुंबईत कुस्ती चित्रित केली, १९०१मध्ये केंब्रिजहून परतलेल्या रँग्लर परांजप्यांचं स्वागत टिपलं. त्यातलं काही उरलं नाही. त्यांच्यावर माहितीपट करणाऱ्याला त्या काळातली दुसरीच कुठली तरी गर्दी सहज वापरता येईल. त्याने तसं करू नये. पडदा रिकामा ठेवावा आणि फीत हरवल्याचं सरळ सांगावं. सावेदादांच्या गोष्टीत ते हरवणंही येतंच.