सेवानिवृत्तीची तारीख आणि वर्गाचे वर्ष : एक चिकित्सा

उर्दूत निवृत्त होण्यास ‘सुबुकदोश होणे’ म्हणतात, म्हणजे खांदा हलका होणे. शाल-श्रीफळ आणि भाषणे होऊन शिक्षकाचा खांदा हलका होतो; परंतु दुसऱ्या दिवशी ते ओझे कोणाच्या खांद्यावर जाणार, हा प्रश्न निरोप समारंभात कोणी विचारत नाही. आजारपण किंवा मृत्यू यांप्रमाणे निवृत्ती अचानक येत नाही. ती सेवापुस्तिकेतील जन्मतारखेवरून कितीतरी वर्षे आधी ठाऊक असते. तरीही वर्ग रिकामा राहतो, ही या नियमाच्या अंमलबजावणीतील मूळ उणीव होय.

हैदराबादच्या दिलसुखनगर भागात ही उणीव उघड दिसते. विजयवाडा रस्त्यालगतचा हा परिसर स्पर्धा परीक्षांच्या शिकवणी वर्गांसाठी प्रसिद्ध आहे. शिक्षक भरतीच्या ‘डीएससी’ परीक्षेची तयारी करणारे तरुण येथे वर्षानुवर्षे खोल्या घेऊन राहतात. तेलंगणात २०१७ साली ८,७९२ शिक्षकपदांची जाहिरात निघाली. त्यानंतरची मोठी जाहिरात, ११,०६२ पदांची, २०२४ साली आली. एकीकडे शिक्षकाची वाट पाहणारा वर्ग, दुसरीकडे वर्गाची वाट पाहणारा शिक्षक, आणि मध्ये सात वर्षांचे अंतर!

निवृत्तीच्या वयाविषयी या प्रदेशात वाद पुष्कळ झाले. १९८३ साली आंध्र प्रदेश शासनाने ते ५८ वरून ५५ केले. हा निर्णय सरन्यायाधीश यशवंत विष्णु चंद्रचूड यांच्या काळात, १९८५ साली, सर्वोच्च न्यायालयाने वैध ठरविला. तथापि वय पुन्हा ५८ करण्यात आले. तेलंगणाने २०२१ मध्ये ते ६१ केले व त्यामुळे थांबलेल्या नियत निवृत्ती मार्च २०२४ पासून पुन्हा सुरू झाल्या. या सर्व वादांत कर्मचाऱ्यांचे हक्क, तिजोरीवरील भार आणि बेरोजगारांची संधी यांचीच चर्चा प्रामुख्याने झाली. विद्यार्थी हा त्या वादातील पक्षकार कधी झालाच नाही.

नियमानुसार शिक्षक वयोमर्यादा पूर्ण होणाऱ्या महिन्याच्या अखेरीस निवृत्त होतो. तेलंगणात शाळा जूनमध्ये उघडतात आणि दहावीची परीक्षा मार्चमध्ये सुरू होते. डिसेंबरअखेर गणिताचे शिक्षक गेले, तर दहावीच्या मुलांचे काय होते हे सांगावयास नको. जुन्या पिढीत शाळेत नाव घालताना अनेकांची जन्मतारीख अंदाजाने १ जून लिहिली जाई. त्यामुळे महाराष्ट्रात पुष्कळ शिक्षक ३१ मे रोजी, ऐन सुट्टीत, निवृत्त होत आले. जन्मनोंदणी जसजशी रूढ झाली, तसतशा खऱ्या तारखा बारा महिन्यांत विखुरल्या. चुकीच्या नोंदीने मुलांना दिलेले हे संरक्षण आता नियमानेच दिले पाहिजे. उत्तर प्रदेशात सत्राच्या मध्यात वयोमर्यादा गाठणाऱ्या शिक्षकांना ‘सत्रलाभ’ देऊन सत्रअखेरपर्यंत ठेवले जाते. त्यात वयोमर्यादा वाढत नाही. काही महिन्यांचाच प्रश्न असल्याने तरुणांची संधीही हिरावली जात नाही.

मात्र सत्रलाभ हा अर्धाच उपाय आहे. जूनमध्ये नवा शिक्षक आला नाही, तर पोकळी केवळ पुढे ढकलली जाते. उर्दू माध्यमाच्या लहान शाळांना याची झळ अधिक बसते. तेथे एका विषयाला बहुधा एकच शिक्षक असतो. शिवाय आरक्षित जागांसाठी उर्दू जाणणारे पात्र उमेदवार न मिळाल्याने पदे रिक्त राहतात. महाराष्ट्राने जुलै २०२३ मध्ये जिल्हा परिषद शाळांत निवृत्त शिक्षकांना दरमहा २० हजार रुपये मानधनावर, नियमित भरती होईपर्यंत, नेमण्याचा निर्णय घेतला. जे ठाऊक होते त्याची तयारी झाली नव्हती, याचीच ती कबुली होती.

शिक्षण हक्क कायदा, २००९ च्या कलम २६ नुसार शाळेतील रिक्त पदे मंजूर पदांच्या दहा टक्क्यांहून अधिक असता कामा नयेत. ज्या शाळेत चारच शिक्षक आहेत, तेथे एकाच्या निवृत्तीनेही ही मर्यादा ओलांडली जाते. म्हणून पुढील वर्षी निवृत्त होणाऱ्यांची विषयवार व माध्यमवार यादी आधीच्या वर्षीच तयार व्हावी, त्यानुसार दरवर्षी भरती व्हावी आणि जुन्या शिक्षकाच्या शेवटच्या काही आठवड्यांत नव्याने त्याच्यासोबत वर्गात बसावे. निवृत्ती हा शिक्षकाचा हक्क आहे. पण वर्गाचे वर्ष अखंड राहणे हाही मुलाचा हक्क आहे, आणि ते वर्ष त्याला पुन्हा मिळत नाही.