जादूला लागलेली गळती : ‘द फार्देस्ट शोअर’चा विचार

जादूच्या कथा पुष्कळ असतात, पण जादू संपत चालल्याच्या कथा थोड्या, आणि तत्त्वज्ञानाच्या अभ्यासकाला त्याच जास्त बोलावतात. कारण ‘काय संपलं?’ या प्रश्नाचं उत्तर देताना लेखकाला आधी ‘ते होतं काय?’ हे ठरवावंच लागतं.

आधी एक सोपं उत्तर पाहू. लॅरी निव्हन या अमेरिकन लेखकाने १९६९ साली एक कथा लिहिली. तिच्यात ‘माना’ नावाची शक्ती आहे, जमिनीखालच्या तेलासारखी. वापरली की संपते. एक मांत्रिक एक चकती मंत्राने फिरवतो. तिचा वेग वाढतच जातो आणि त्या जागेतली सगळी शक्ती ती खाऊन टाकते. कल्पना चतुर आहे. पण इथे जादू म्हणजे साठा, एवढंच. साठा संपला की माणसाने दुसरीकडे जायचं.

उर्सुला ले ग्विन यांची ‘द फार्देस्ट शोअर’ ही १९७२ सालची कादंबरी, अर्थसी मालिकेतली तिसरी. तिच्यात जे आटतं ते वेगळं आहे. अर्थसीच्या द्वीपसमूहात प्रत्येक वस्तूला एक खरं नाव असतं. ते उच्चारलं की वस्तू ओ देते. म्हणजे जादू हा साठा नाही, तो संबंध आहे : शब्दाचा वस्तूशी असलेला अनुनाद. आपल्याकडे मीमांसकांनी शब्द आणि अर्थ यांचा संबंध नित्य मानला. ले ग्विन विचारतात, तो तुटला तर?

आणि तुटल्याचं कळतं कुठे? युद्धात नाही, राजवाड्यात तर नाहीच. लॉर्बॅनरी नावाच्या बेटावर रेशीम होतं. तिथल्या रंगाऱ्यांची विद्या गेली आहे, माल हलका झाला आहे, आणि लोक एकमेकांवर खेकसत आहेत. दुसऱ्या एका शहरात पूर्वी जादू करणारी बाई आता कापड विकते. समुद्रावर तराफ्यांवर राहणाऱ्या लोकांच्या वार्षिक उत्सवात गाणारे मध्येच थांबतात, कारण पुढचं गाणं त्यांना आठवत नाही. आम्हांला हा भाग कादंबरीतला सर्वांत मोलाचा वाटतो. अर्थ नाहीसा होतो तो आधी हातांतून, कसबातून, पाठांतरातून. तत्त्वज्ञांना ही बातमी फार उशिरा लागते. रोक बेटावरच्या विद्यापीठासारख्या शाळेतले गुरूही सुरुवातीला निश्चिंतच असतात!

कारण काय? कॉब नावाच्या मांत्रिकाने मरण टाळण्यासाठी जीवन आणि मृत्यू यांच्यामधलं दार उघडलं आहे. त्यातून जगाचा प्राण वाहून जातो आहे. तो लोकांना अमरत्व देऊ करतो, आणि किंमत म्हणून खरं नाव मागतो. लोक देतात! हे नीट लक्षात घ्या. ज्याला संपायचंच नाही, त्याला नावही राहत नाही, कारण नाव हे मर्यादेचंच दुसरं रूप आहे. कॉबला स्वतःचं नाव आठवत नाही, म्हणून स्वतः उघडलेलं दार त्याला बंद करता येत नाही. गेड ते बंद करतो, पण त्यात त्याची सगळी शक्ती खर्च होते. परत येताना तो मांत्रिक उरलेला नसतो.

आता आमचे आक्षेप. पहिला असा की सगळ्या जगाच्या ऱ्हासाचं खापर एका दुष्टावर फोडलं आहे. माक्स वेबर यांनी १९१७ साली म्यूनिकच्या व्याख्यानात जगाच्या निर्मायीकरणाविषयी सांगितलं, तेव्हा त्यामागे कुणी एक खलनायक नव्हता. ती शतकानुशतकं चाललेली प्रक्रिया होती. अशी गळती एक दार लावून थांबत नसते. दुसरा आक्षेप जास्त गंभीर आहे. ज्या मृत्यूचा स्वीकार करा असं कादंबरी सांगते, त्या मृत्यूचा प्रदेश कसा आहे? कोरडा, वाराहीन. तिथे प्रेमिक एकमेकांना ओळखत नाहीत. हे वाट्याला येणार असेल, तर कॉबची भीती अगदीच चुकीची कशी म्हणायची?

या प्रश्नाला लेखिकेनेच उत्तर दिलं, २००१ सालच्या ‘द अदर विंड’मध्ये. तिथे कळतं की तो कोरडा प्रदेश मुळात निसर्गाचा भागच नाही. फार पूर्वी मांत्रिकांनीच अमर होण्याच्या हव्यासाने ड्रॅगनांच्या मुलखाचा एक तुकडा बळकावून त्याला भिंत घातली होती. म्हणजे कॉब हा अपवाद नव्हता, त्या परंपरेचा तो वारस होता. त्याने भिंतीला भोक पाडलं, पण चोरी आधीच झालेली होती. शेवटी भिंतच पाडली जाते आणि मृतांची सुटका होते.

एकोणतीस वर्षांनी स्वतःच्या विश्वाचा पाया उकरून तपासणं ही मोठी बौद्धिक सचोटी आहे. तरी १९७२ची कादंबरी बाद होत नाही. रोगाचं निदान तिथे अपुरं असेल, पण लक्षणं अचूक आहेत. सभांमधून, जाहिरातींतून, शपथविधींतून रोज मोठमोठे शब्द आपल्या कानांवर येतात. त्यांना ओ कोण देतं? आम्ही वयाच्या सत्तरीत आहोत, त्यामुळे कॉबची भीती आम्हांला परकी नाही. पण ती टाळायला म्हणून आपण काय काय गहाण टाकतो, हे ही कादंबरी विचारते. तुम्हीही ती वाचा, आणि प्रथम रंगाऱ्यांकडे लक्ष द्या. इथे थांबू. प्रश्न असतील तर अवश्य विचारा.