एका दिवसाचें प्रवासवर्णन

अलीकडे मराठी नियतकालिकांतून, विशेषतः दिवाळी अंकांतून, जपानविषयींचे लेख वाढूं लागले आहेत, ही गोष्ट वाचकवर्गाच्या दृष्टीनें आनंदाचीच आहे. परंतु हे लेख एकापाठोपाठ एक असे वाचीत गेलें असतां एक चमत्कारिक अनुभव येतो. लेखक निरनिराळे, अंक निरनिराळे, वर्षेंहि निरनिराळीं; पण लेख मात्र एकच! तीच बस, तोच समुद्रकिनारा, तेंच आश्चर्य आणि शेवटीं जपानी लोकांच्या शिस्तीवरचा तोच परिच्छेद. या लेखनप्रकाराचा थोडा कठोरपणें विचार करण्याची वेळ आली आहे असें आम्हांस वाटतें.

ज्या सहलीवर हे लेख उभे असतात तिचा क्रम ठरलेला आहे. क्योतो किंवा ओसाका येथून सकाळीं बस निघते. हातांत लहानसें निशाण धरलेला मार्गदर्शक मंडळींची मोजदाद करतो. सुमारें दोन तासांनीं जपान समुद्राच्या कांठचें अमानोहाशिदाते येतें. पाळण्यांतून टेकडीवरच्या कासामात्सु उद्यानांत जावयाचें, समुद्राकडे पाठ करून ओणवें व्हावयाचें आणि दोन्ही पायांमधून खालचा देखावा उलटा पाहावयाचा, ही तेथील रीत आहे. तशा स्थितींत वाळूची ती लांब पट्टी आकाशांत चढत गेलेल्या पुलासारखी दिसते, आणि तिच्या नांवाचा अर्थहि ‘स्वर्गाचा पूल’ असाच आहे. मग जेवण, मग इने नांवाच्या कोळ्यांच्या गांवीं बोटींतून एक फेरी आणि सीगल पक्ष्यांना खाद्य, दिवस मावळतांना पुन्हां शहर.

लेखांतील माहितीहि अशीच ठरलेली. पट्टीची लांबी ३.६ किलोमीटर, तिच्यावर पाइनचीं हजारों झाडें, १६४३ सालीं हायाशि गाहो या विद्वानानें जपानमधील तीन सर्वोत्तम देखाव्यांत तिची गणना केली, इझानागि देवानें स्वर्गांत जाण्यासाठीं उभारलेली शिडी तो झोंपला असतां आडवी पडली आणि तिची ही पट्टी झाली, अशी पुराणकथा. इने येथें पाण्यालगत सुमारें २३० घरें, खालीं नाव व वर माणूस. हें सर्व खरें आहे. मग दोष कोठें? दोष इतकाच कीं, यांतील एकहि गोष्ट लेखकानें पाहिलेली नाहीं. ती त्यानें ऐकलेली आहे. मार्गदर्शकानें ध्वनिवर्धकावर जें सांगितलें तें मराठींत उतरवून त्याखालीं लेखकानें आपली सही केली आहे. पायांमधून पाहिलेला समुद्र देखील त्याचा स्वतःचा नाहीं. तो कसा दिसणार हें त्याला आधींच कळविलेलें होतें.

यावर असें उत्तर दिलें जाईल कीं, एका दिवसांत बिचाऱ्या प्रवाशानें आणखी करावें तरी काय? हें उत्तर आम्हांस मान्य नाहीं. १६८९ सालीं कवि बाशो उत्तरेच्या यात्रेंत मात्सुशिमा येथें पोंचला. त्या तीन देखाव्यांपैकींच हा एक. उपसागरांत अडीचशेंहून अधिक बेटें विखुरलेलीं. बाशोचा मुक्काम तेथें अवघा एका रात्रीचा होता. पण आपल्या प्रवासग्रंथांत त्यानें मात्सुशिमाचें गद्य वर्णन केलें आणि स्वतःची एकहि कविता तेथें घातली नाहीं. सोबतीची कविता दिली; स्वतः मात्र मौन पत्करलें. वेळ अपुरा असतां काय लिहूं नये, हें ठरविण्याइतका वेळ त्यापाशीं होता. आमच्या लेखकांपाशीं नेमका हाच वेळ नसतो.

दुसरें उत्तर असें येईल कीं, मार्गदर्शक असला म्हणजे दृष्टि पराधीन होणारच. हेंहि खरें नव्हे. जुन्या जपानी कवितेंत जीं स्थळें वारंवार येऊन प्रसिद्ध झालीं, त्यांना ‘उतामाकुरा’ अशी संज्ञा आहे. त्या स्थळीं जाणारा रसिक पूर्वकवींचें बोट धरूनच जात असे. आपल्याकडे नागपूरचा माणूस रामटेकला जातो तेव्हां तो तरी एकटा कोठें असतो? रामटेक म्हणजेच मेघदूतांतील रामगिरि, हें मत महामहोपाध्याय वा. वि. मिराशी यांनीं साधार मांडल्यापासून आषाढांतला तेथला ढग आम्हांस नुसता ढग म्हणून दिसतच नाहीं. मार्गदर्शक कालिदास असो वा निशाणवाला असो, प्रश्न एवढाच कीं, त्याचें बोलणें संपल्यावर आपण पाहावयास आरंभ करतों कीं तेथेंच थांबतों? चित्रकार सेश्शू यानें १५०१ ते १५०६ च्या सुमारास, उतारवयांत, याच अमानोहाशिदातेचें चित्र काढलें. तें आज क्योतोच्या राष्ट्रीय संग्रहालयाचें भूषण आहे. त्या चित्रांतला देखावा ज्या उंचीवरून दिसावा ती उंची कोणत्याहि टेकडीला नाहीं. निरनिराळ्या जागीं उभें राहून जें पाहिलें तें त्यानें मनांत एकत्र जुळविलें आणि मग एक नवी जागा निर्माण केली. याला पाहणें म्हणतात.

आमचा आग्रह कोणीं सेश्शू व्हावें असा नाहीं. पण त्याच एका दिवसांत, त्याच बसमधून उतरून, साध्या डोळ्यांना दिसण्याजोगें पुष्कळ असतें. अमानोहाशिदातेच्या कडेला वाळूची रेषा सरळ नाहीं; करवतीच्या दात्यांसारखी ती आंत-बाहेर जाते. कारण समुद्रांत ठराविक अंतरावर आडवे बांध घातलेले आहेत. नद्यांतून येणारी वाळू युद्धोत्तर काळांत घटली, पट्टी झिजूं लागली, तेव्हां तिला थोपवून धरावें लागलें आणि बाहेरून वाळू आणून घालण्याची व्यवस्था करावी लागली. देवाच्या हातून पडलेली शिडी आज माणसांच्या श्रमानें टिकून आहे! पाइनच्या झाडांचीहि हीच कथा. पूर्वीं आसपासचे लोक पडलेल्या सुया सरपणासाठीं झाडून नेत, त्यामुळें जमीन निकस राही, आणि निकस वाळूंतच हें झाड बळकट वाढतें. चुली बदलल्या, सुया तेथेंच कुजूं लागल्या, माती सकस झाली, झाडें उंच वाढलीं पण मुळांनीं दुबळीं झालीं. २००४ च्या वादळांत दोनशेंहून अधिक झाडें आडवीं पडलीं. इने येथें घरें पाण्याला चिकटून कशीं उभीं राहतात? जपान समुद्राची भरती-ओहोटी अगदीं थोडी, आणि उपसागराच्या तोंडाशीं आओशिमा बेट लाटांना अडवून उभें, म्हणून. हें विचारावयास दिवस लागत नाहीं, एक प्रश्न लागतो. ‘किती सुंदर!’ हा उद्गार जेथें संपतो तेथून प्रवासवर्णन सुरू होतें; आमच्या लेखकांचें तें तेथेंच संपतें.

मराठींत चांगल्या प्रवासलेखनाची परंपरा नाहीं असें मुळींच नाहीं. गोडसे भटजी दक्षिणेच्या आशेनें उत्तरेकडे निघाले आणि १८५७ च्या बंडांत सांपडले; त्यांचा ‘माझा प्रवास’ १९०७ सालीं प्रसिद्ध झाला. त्या पुस्तकाचें सामर्थ्य स्थळवर्णनांत नाहीं. भूक, भीति आणि लूट या माणसानें अंगावर घेतल्या आहेत, यांत तें आहे. पु. ल. देशपांडे यांच्या ‘पूर्वरंग’ (१९६३) या पुस्तकांत जपान आहे, आणि तेथें विनोद आहे. पण त्या विनोदाचा रोख बहुधा प्रवाशाकडे वळलेला असतो, गोंधळणाऱ्या आणि भुलणाऱ्या स्वतःकडे. आपण पाहुणे आहों, आपणांस थोडेंच कळतें, ही जाणीव त्या हंसण्याच्या मुळाशीं आहे. पुढील लेखकांनीं त्यांचा विनोद उचलला. ती जाणीव उचलावयाची राहिली.

कोणी म्हणेल, हा सगळा वाद पुस्तकी आहे; एखाद्याचा लेख सामान्य निघाला म्हणून कोणाचें काय बिघडलें? आम्ही भिवापुरास राहतों, म्हणून आम्हांस हें तितकें क्षुल्लक वाटत नाहीं. नागपूरपासून साठ-सत्तर किलोमीटरवरचें आमचें गांवहि आतां एका दिवसाच्या सहलीच्या वाटेवर आलें आहे. उमरेड-पवनी-कऱ्हांडला अभयारण्य भिवापूर तालुक्यांतहि पसरलेलें आहे. पहांटे नागपुराहून गाड्या निघतात, मार्गदर्शकासह जंगलांत फिरतात आणि परत जातात. या मंडळींनीं लिहिलेलेंहि आम्हीं वाचलें आहे. त्यांत वाघ असतो. वाघाखेरीज कांहीं नसतें. २०१३ सालीं नागझिऱ्याहून चालत आलेला ‘जय’ नांवाचा वाघ येथें होता, तोंपर्यंत हें जंगल सर्वांच्या तोंडीं होतें. एप्रिल २०१६ नंतर तो कोणास दिसला नाहीं, आणि पुष्कळांच्या लेखीं त्याबरोबर जंगलहि नाहींसें झालें! जेथें पाहण्याची वस्तु एकच ठरलेली असते, तेथें ती हरवली म्हणजे स्थळ उरतच नाहीं.

आणि ती सांपडली म्हणजे काय होतें? ३१ डिसेंबर २०२४ रोजीं याच अभयारण्यांत एक वाघीण व तिचे बछडे यांची वाट सफारीच्या गाड्यांनीं दोन्ही बाजूंनीं अडविली. मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठानें आपण होऊन त्या प्रकाराची दखल घेतली. गाड्यांतील माणसें दुष्ट होतीं असें आम्ही म्हणत नाहीं. ठरलेला देखावा ठरलेल्या वेळांत मिळालाच पाहिजे, या समजुतीचें तें फळ होतें. आणि ही समजूत घडविण्यांत ‘वाघ दिसला, सहल सार्थकीं लागली’ अशा वाक्यांनीं संपणाऱ्या लेखांचा वांटा आहे. लेखक जें पाहण्याजोगें ठरवितो, तेंच वाचक पुढें पैसे देऊन मागतो.

याच रस्त्यावर हिवाळा सरतांना मिरचीचे सातरे असतात. गडद लाल ढिगांपुढें बसून बाया दिवसभर देंठ खुडतात. जिला भौगोलिक मानांकन मिळालें आहे त्या भिवापुरी मिरचीचा पेरा पूर्वीपेक्षां पुष्कळ घटला आहे. नागपूर-नागभीड ही लहान रुळांची गाडी येथूनच जाई. रुळांच्या रुंदीकरणासाठीं ती २०१९ सालीं बंद झाली. जवळच पवनी, तेथें १९६९-७० च्या उत्खननांत बौद्ध स्तूपाचे अवशेष निघाले. पलीकडे वैनगंगेवर गोसीखुर्दचें धरण, आणि त्याच्या पाण्याखालीं गेलेलीं गांवें. यांपैकीं कांहींच न पाहतां भिवापुरावरून गेलेला मनुष्य ‘विदर्भाचें अरण्य’ या मथळ्याखालीं लिहितो, तेव्हां इनेच्या कोळ्यास आमच्याकडील जपान-लेख वाचावयास मिळाले तर काय वाटेल, याची कल्पना आम्ही करूं शकतों.

तेव्हां आमची लेखकांस विनंति इतकीच आहे. एका दिवसाची सहल अवश्य करावी; घरसंसार व नोकरी सांभाळणाऱ्या मध्यमवर्गास तेवढीच शक्य असते, आणि तींत लाज वाटण्यासारखें कांहीं नाहीं. मार्गदर्शकाचेंहि नीट ऐकून घ्यावें. पण लिहावयास बसण्यापूर्वीं त्यानें सांगितलेलें सर्व एकदां बाजूस काढावें आणि काय उरतें तें पाहावें. हा देखावा कोणाच्या श्रमावर उभा आहे, आणि आपण गेल्यावर संध्याकाळीं तेथें काय चालतें, एवढे दोन प्रश्न स्वतःस विचारावे. उत्तर एका ओळीचें आलें तर तेवढी एक ओळच लिहावी. कांहींच उरलें नाहीं तर बाशोचा मार्ग मोकळा आहे. संपादकांसहि आमचें सांगणें आहे कीं, छायाचित्रें सुरेख आहेत एवढ्यावरून लेख स्वीकारूं नयेत. ज्या गांवाविषयीं लेख आहे तेथील माणसानें तो वाचला तर त्याला त्यांत आपलें गांव ओळखूं येईल काय, ही कसोटी लावावी. ती लावली म्हणजे दिवाळी अंकांतील जपान थोडें कमी होईल खरें. परंतु जें राहील तें वाचकांनीं पुन्हां वाचण्याजोगें असेल.