भाषेकडे परतलेला नट

‘कॅसाब्लांका’ (१९४२) या चित्रपटाच्या आरंभी एक खिसेकापू आहे. नवख्या प्रवाशाला तो कळकळीने बजावतो, की सांभाळून राहा, हे गाव भामट्यांनी भरले आहे. आणि बजावता बजावता त्याचे पाकीट लांबवतो. काम मिनिटभराचे. हंफ्री बोगार्टच्या चित्रपटात या नटाचे नाव कोण विचारणार? ते नाव कुर्ट बॉइस.

बॉइसचा जन्म बर्लिनचा, १९०१ सालचा. सहा-सात वर्षांचा असतानाच तो नाटकात व मूकपटात आला. अत्र्यांनी ‘मोरूची मावशी’ म्हणून मराठीत आणलेल्या ‘चार्लीज आंट’ या प्रहसनाने त्याला जर्मन रंगभूमीवर मोठे नाव दिले. पण तो ज्यू होता. १९३३ साली हिटलर सत्तेवर येताच त्याला देश सोडावा लागला. त्याच्या १९२७ च्या एका विनोदी चित्रपटातील स्त्रीवेषाचा तुकडा नाझींनी पुढे, १९४० साली, ज्यूंविरुद्धच्या प्रचारपटात वापरला.

अभिनयाला भाषा नसते, असे आपण सहज बोलून जातो. मला ते पटत नाही. अमेरिकेने बॉइसला आसरा दिला, पोटापुरते काम दिले; ते ऋण मोठेच. पण त्याच्या परक्या उच्चाराला तेथे बहुधा परक्या माणसांच्या लहान भूमिकाच मिळाल्या. खिसेकापूच्या कामात त्याची नजर आणि हात चोख आहेत. मात्र पुरा नट तेथे दिसत नाही.

१९५० साली तो बर्लिनला परतला. १९५२ मध्ये ब्रेख्तच्या नाट्यसंस्थेत तो पुंटिला झाला. हा जमीनदार दारू चढली की माणसात येतो, उतरली की पुन्हा निर्दय होतो. एकाच माणसाच्या जिभेची ही दोन वळणे उसन्या भाषेत पेलणे कठीण.

विम वेंडर्सच्या ‘विंग्ज ऑफ डिझायर’मध्ये (१९८७) तो होमर नावाचा वृद्ध कथेकरी आहे. बर्लिनच्या भिंतीलगतच्या ओसाड माळावर तो पोट्सडामर प्लाट्झ हा एके काळचा गजबजलेला चौक शोधत फिरतो. ही भूमिका म्हणजे निव्वळ प्रतीक, असा आक्षेप घेता येईल. परंतु बॉइस प्रतीक उभे करत नाही. हरवलेला पत्ता शोधणारा, दम लागलेला, थोडा हट्टी म्हातारा तो उभा करतो. या भूमिकेला १९८८ चा युरोपीय चित्रपट पुरस्कार मिळाला. भिंत १९८९ मध्ये पडली. १९९१ मध्ये बॉइस गेला.

आमच्या दुभाषी भागात स्नेहसंमेलनाचे नाटक बसवताना हाच फरक दिसतो. शब्द पाठ केलेला मुलगा चुकत नाही. पण शब्द घरचे असलेला मुलगा चुकला तरी सावरून घेतो. दोन्ही भाषा मुलांना याव्यातच. मात्र घरच्या भाषेत उभे राहायला त्यांना रंगमंच आपणच दिला पाहिजे.