गळ्याविना नट

मराठी मूकपटातला अभिनय उशिरा वयात आला, आणि त्याचे मोठे कारण म्हणजे आपल्या रंगभूमीची श्रीमंती. १९१२ साली दादासाहेब तोरण्यांनी 'पुंडलिक' घेतला तो नाटक मंडळीच्या खेळावरूनच. पण संगीत नाटकातून गाणे वजा केले की नटाजवळ उरते किती? 'वन्स मोअर' नाही, समोरून येणारी दाद नाही. चौफुल्याच्या कला केंद्रात बारी पाहिलेल्या दौंडकराला यातली गोम सांगावी लागणार नाही. बालगंधर्व पडद्यावर आले ते १९३५ मध्ये, 'धर्मात्मा'त; तोवर पडद्याला कंठ फुटला होता.

त्यामुळे दादासाहेब फाळक्यांच्या वाट्याला गाजलेले गायकनट आलेच नाहीत. 'राजा हरिश्चंद्र'मधले (१९१३) दत्तात्रय दाबके नाटकातले, पण तारामती झालेले साळुंके उपाहारगृहात स्वयंपाकी होते. हेच साळुंके 'लंकादहन'मध्ये (१९१७) राम झाले आणि सीताही. 'राजा हरिश्चंद्र'ची उरलेली रिळे १९१३ ची की नंतरच्या आवृत्तीची, हा वाद अभ्यासकांना लखलाभ. राजा मुलाला धनुष्यबाण शिकवतो त्या दृश्यातली मांडणी मात्र उघड रंगमंचावरची आहे.

कमलाबाई गोखल्यांचे उदाहरण अधिक बोलके. 'मोहिनी भस्मासुर'मध्ये (१९१३) आई दुर्गाबाई कामत पार्वती आणि त्या मोहिनी. भारतीय पडद्यावर पहिल्यांदा बायका दिसल्या त्या या दोघी. इतिहासाला हे मोठे वाटते. कमलाबाईंचे आयुष्य मात्र पुढे मुख्यतः नाटकात घडले. ज्याचे रंगभूमीवर चालत होते, त्याला मूकपटाची गरज नव्हती, असे मला वाटते. म्हणूनच 'कालियामर्दन'मधली (१९१९) फाळक्यांची चिमुरडी मंदाकिनी आजही ताजी वाटते. तिला नाटकी सवयी मोडाव्या लागल्या नाहीत. सुरुवातीलाच नुसत्या चेहऱ्यावर एकेक भाव दाखवत जाते ती, आणि कॅमेऱ्याला तेवढेच हवे असते.

मग १९२५ चा 'सावकारी पाश'. गंधर्व नाटक मंडळीत उमेदवारी केलेले व्ही. शांताराम इथे कर्जात जमीन गमावून शहराची वाट धरणारा शेतकरी झाले. दिग्दर्शक बाबूराव पेंटर, कथा ना. ह. आपट्यांची. हा विषय शिरूर-दौंडच्या मातीला नवा नव्हता. १८७४ मध्ये शिरूर तालुक्यातल्या कर्डे गावाने सावकारावर बहिष्कार घातला होता. पुढच्याच वर्षी भीमथडीतल्या सुप्यात दंगा उसळून सावकारांच्या खतपत्रांची होळी झाली. पौराणिक राजाला मुकुट आणि हातवारे पुरतात. कुणब्याला चालणे, बसणे, वाकणे खरे लागते. समोरचा प्रेक्षक स्वतः ते रोज करत असतो. मूकपटातला मराठी अभिनय बदलला तो या मागणीने, तंत्राने नव्हे. 'सावकारी पाश'ची प्रत आज उपलब्ध नाही, तेव्हा शांतारामांच्या त्या कामाची थोरवी आपण इतरांच्या आठवणींवर विसंबून मानतो. पेंटरांनी १९३६ मध्ये तीच कथा बोलपटात पुन्हा घेतली.