फडावरून राजगृहात : जयश्री गडकर यांच्या अभिनयाचे पुनर्मूल्यमापन

प्रस्तावना :
मराठी चित्रपटाच्या इतिहासात जयश्री गडकर (१९४२-२००८) यांचा निर्देश प्रामुख्याने दोन प्रतिमांद्वारे होतो. एक, तमाशापटातील लावणीनर्तिका. दुसरी, दूरदर्शनवरील 'रामायण' मालिकेतील (१९८७-८८) कौसल्या. पहिलीकडून दुसरीकडे झालेला प्रवास हा जणू उन्नतीचा प्रवास होय, असे सर्वसाधारणपणे गृहीत धरले जाते. या गृहीतकाची तपासणी करणे हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

लावणीतील अभिनय :
समूहनृत्यातील नर्तिका म्हणून कारकिर्दीचा आरंभ करणाऱ्या जयश्रीबाईंना अनंत माने दिग्दर्शित 'सांगत्ये ऐका' (१९५९) या चित्रपटाने कीर्ती मिळवून दिली. हंसा वाडकर यांच्यासारखी समर्थ अभिनेत्री त्यात असतानाही 'बुगडी'च्या लावणीतील जयश्रीबाई प्रेक्षकांच्या स्मरणात राहिल्या. पुण्याच्या विजयानंद चित्रपटगृहात हा चित्रपट १३१ आठवडे चालला. पुढे 'वैजयंता' (१९६१), 'सवाल माझा ऐका!' (१९६४) या चित्रपटांनी ही प्रतिमा दृढ केली. मात्र लावणीतील अदाकारी ही केवळ नृत्य नव्हे. शब्दातील सूचकता नजरेतून पोहोचविणे आणि नेमक्या क्षणी थांबणे हा अभिनयच होय. समीक्षेने त्याची गणना 'मोहकता' या सदरात केली.

याउलट पूर्व विदर्भाची स्थिती विचारार्ह आहे. नाकाडोंगरी ज्या भंडारा जिल्ह्यात येते, त्या झाडीपट्टीच्या परिसरात खडी गंमत व दंडार यांची परंपरा आहे. तेथे स्त्रीभूमिका परंपरेने पुरुषांनी केल्या. पुरुषाने साकारलेले स्त्रीत्व ही कला आहे, हे प्रेक्षकाला वेगळे सांगावे लागत नाही. स्त्रीने तीच अदा सादर केली की ती तिचा स्वभाव मानली जाते आणि तिचे कौशल्य अदृश्य होते.

सातत्याचा पुरावा :
भालजी पेंढारकर यांच्या 'साधी माणसं' (१९६५) या चित्रपटात त्यांनी लोहाराच्या पत्नीची भूमिका केली. येथे शृंगार नाही, नृत्य नाही. तरीही भट्टीपाशी चित्रित झालेल्या गीतात श्रमाची लय त्यांच्या देहबोलीतून व्यक्त होते. ही लयीची जाण फडावरच्या भूमिकांतूनच घडली, असे म्हणावयास जागा आहे.

रामानंद सागर यांच्या 'रामायण'मध्ये त्यांचे पती बाळ धुरी दशरथाच्या भूमिकेत होते. कौसल्येच्या वाट्याला कृती थोडी, सोसणे अधिक. छोट्या पडद्यावरील निकटदृश्यांत चेहरा हेच मुख्य साधन. नजरेने बोलण्याची लावणीतील शिस्त येथे शोकाच्या सेवेस आली.

मर्यादा :
त्यांच्या सर्वच भूमिका समान गुणवत्तेच्या नाहीत. तमाशापट हा ठरीव साचा झाल्यावर अनेक संहितांनी नायिकेचे शील सिद्ध करण्यापलीकडे तिला फारसे काही दिले नाही. हा दोष मात्र संहितांचा आहे, अभिनेत्रीचा नव्हे.

निष्कर्ष :
कौसल्येला वंदन करणारा प्रेक्षक आणि लावणीला शिट्टी वाजविणारा प्रेक्षक हे दोघेही एकाच कौशल्याला दाद देत होते. तमाशातील स्त्रीला 'सोज्वळ' ठरविल्याशिवाय तिच्या कलेचा गौरव न करण्याची सवय समीक्षेने सोडली, तरच जयश्रीबाईंची कारकीर्द अखंड स्वरूपात दिसू शकेल.