‘आय ॲम ट्वेंटी’ : स्वातंत्र्योत्तर तरुणांची परात्मता

प्रस्तावना :
साठोत्तरी मराठी साहित्याच्या अभ्यासात तरुणांच्या परात्मतेची चर्चा पुष्कळ झाली आहे. त्याच काळातील प्रायोगिक लघुपटांकडे मात्र साहित्याच्या अभ्यासकांचे फारसे लक्ष गेलेले नाही. मुंबईच्या फिल्म्स डिव्हिजनने १९६७ साली निर्माण केलेला, एस. एन. एस. शास्त्री दिग्दर्शित ‘आय ॲम ट्वेंटी’ हा लघुपट त्या दृष्टीने विचारात घेण्याजोगा आहे.

आशय व रचना :
स्वातंत्र्याच्या वर्षी जन्मलेल्या तरुण-तरुणींच्या मुलाखती हा या कृष्णधवल लघुपटाचा आशय होय. शासकीय माहितीपटातील उपदेशक निवेदक येथे नाही. रेल्वेत बसून देश पाहण्याची उमेद बोलून दाखविणारा एक तरुण येथे भेटतो, तसाच देशाविषयी आपणास प्रेम नाही असे सांगणाराही भेटतो. कोणाचे बरोबर, हे दिग्दर्शक सांगत नाही. विसंगत उत्तरे तो शेजारी शेजारी ठेवतो आणि एकाच वयाची ही माणसे परस्परांपासून किती दूर आहेत, हे प्रेक्षकास जाणवते. परात्मता व्यक्त होते ती संकलनातून. शासनाच्याच खर्चाने भ्रमनिरासाची नोंद व्हावी, हे त्या काळी धाडसाचेच होते.

मर्यादा :
मात्र १९४७ हे वर्ष सर्वांची समान जन्मखूण मानणे मराठवाड्यातील प्रेक्षकास खटकते. त्या वर्षी औरंगाबादेत (आजचे छत्रपती संभाजीनगर) जन्मलेले मूल निजामाच्या राज्यात जन्मले. येथे मुक्ती आली ती १७ सप्टेंबर १९४८ रोजी, म्हणजे तेरा महिन्यांनी. लघुपटात ठळकपणे ऐकू येतो तो शहरी, इंग्रजी शिकलेल्या तरुणांचा आवाज. मिलिंद महाविद्यालयात शिकणाऱ्या पहिल्या पिढीच्या दलित विद्यार्थ्याचा असंतोष त्याच सुमारास याच शहरातील ‘अस्मितादर्श’मधून प्रकट होऊ लागला होता. पुढे १९७४ मध्ये विद्यार्थ्यांनी मराठवाडा विकास आंदोलन उभारले. तर १९७८ च्या नामांतर ठरावानंतर दलित वस्त्यांवर हल्ले झाले. रोजगार नाही म्हणून येणारे तुटलेपण आणि माणूसपण नाकारल्यामुळे येणारे तुटलेपण ही एकच गोष्ट नव्हे. लघुपट हा भेद करीत नाही.

निष्कर्ष :
‘आय ॲम ट्वेंटी’चे मोल त्याच्या प्रश्नांत आहे, त्याची उणीव ते कोणाला विचारले गेले यात आहे. वर्गात हा लघुपट दाखविताना दोन्ही बाजू विद्यार्थ्यांपुढे ठेवणे अगत्याचे वाटते.